ताडपत्रीचे 'पोट' का सुटते? पावसाआधी ती कशी बांधावी?

कळव्यात पारसिक डोंगराच्या उतारावरील चाळींवर पाऊस सुरू होण्याआधी निळ्या ताडपत्र्या चढतात. दारापुढे किंवा गच्चीवर ताणलेल्या ताडपत्रीचे मात्र मधोमध पोट सुटते आणि एखाद्या मोठ्या सरीत ती बांबूसकट खाली येते. दोष बहुतेकदा मालाचा नसतो, बांधणीचा असतो.

पाण्याचे वजन किती?

एक मिलिमीटर पाऊस म्हणजे एक चौरस मीटरवर एक लिटर पाणी. हवामान विभागाच्या व्याख्येत २४ तासांत ६४.५ मिमी पाऊस झाला की तो 'मुसळधार'. तेवढ्यात १२ बाय १५ फुटांच्या ताडपत्रीवर हजार लिटरहून अधिक पाणी पडते. सगळे साचत नाही. पण बादलीभर साचले तरी खोलगा पडतो आणि पुढचे पाणी तिथेच धावते. मीटरभर लांब-रुंद खोलग्यात सरासरी १० सेंमी पाणी म्हणजे १०० किलो. कोपऱ्यातली रिंग फाटते ती यामुळेच.

बांधायची कशी?

मधोमध आढ्यासारखी जाड दोरी घट्ट ताणा, ताडपत्री तिच्यावरून दोन्ही बाजूंना सोडा. दर तीन फुटांना निदान एक फूट उतार हवा. चारही कोपरे एका उंचीवर बांधणे दिसायला छान, पण पाण्याला वाट राहत नाही. एक कोपरा मुद्दाम खाली ओढा. रिंग तुटली असेल तर भोक पाडू नका. ताडपत्रीच्या कडेत गोटा गुंडाळून त्याभोवती दोरी आवळा. दोन ताडपत्र्या असतील तर कौलांसारखी वरची खालचीवर यायला हवी. दोरीवरून घरात येणारे पाणी रोखायला भिंतीच्या अलीकडे दोरीला चिंधी बांधा, धार तिथेच खाली गळते. अगदी साधा उपाय, पण हमखास चालतो. दोरी विजेच्या खांबाला किंवा वायरीला मात्र कधीच नको.

पाणी सोडायचे कुठे?

डोंगरालगतच्या घरांसाठी हा प्रश्न सर्वांत महत्त्वाचा. १९ जुलै २०२१ रोजी कळवा पूर्वेच्या घोलाईनगरमध्ये दरड कोसळून एकाच कुटुंबातील पाच जणांचा मृत्यू झाला. ताडपत्री दरड अडवत नाही. तिचे पाणी घरामागच्या मातीत मुरू देऊ नका, पुढच्या गटाराकडे वळवा. भिंतीला नवी भेग दिसली किंवा उतारावरून अचानक गढूळ पाणी येऊ लागले, तर ताडपत्री सावरत बसू नका, घराबाहेर पडा.