पाळण्यातली नावं – लेखांक ७ : स्वप्नील

पारस्कर गृह्यसूत्राची कसोटी लावली, तर कुठल्याही मुलाचं नाव स्वप्नील ठेवता येणार नाही. मुलाच्या नावासाठी या सूत्रानं घातलेल्या अटी थोड्याच आहेत, पण कडक आहेत. नाव दोन किंवा चार अक्षरांचं हवं. पहिलं व्यंजन घोष हवं, म्हणजे ग, ज, द, ब अशा घुमणाऱ्या वर्णांपैकी. आणि नाव धातूला कृत् प्रत्यय लागून झालेलं असावं, तद्धित नसावं. स्वप्नीलची सुरुवात 'स'ची, तो अघोष. संस्कृतच्या हिशेबानं अक्षरं मोजली तर तीन. शेवटचा 'इल' तर अस्सल तद्धित. विषम अक्षरं आणि तद्धित प्रत्यय सूत्रकारानं मुलींच्या नावांसाठी राखून ठेवले आहेत, म्हणजे शास्त्राच्या नजरेनं हे नाव मुलीच्या पाळण्याच्या जास्त जवळ जातं.

पतंजलीच्या महाभाष्यातही हा नियम आला आहे, आणि तोही गमतीच्या ठिकाणी. व्याकरण का शिकावं, याची कारणं सांगताना तिथं म्हटलं आहे की मुलाचं नाव कृदन्त ठेवायचं, तद्धितान्त नाही. आता कृत् कुठला आणि तद्धित कुठला हे व्याकरणावाचून बापाला कळणार कसं? त्याच ठिकाणी आणखी एक अपेक्षा आहे : नावात मागच्या तीन पिढ्यांतल्या पुरुषांची आठवण असावी. स्वप्नील इथंही नापास. ज्या पिढीत हे नाव फोफावलं, तिच्यातल्या कुणाच्या पणजोबांचं नाव स्वप्नील असण्याची शक्यता जवळजवळ नाहीच.

तरी महाराष्ट्रातल्या शाळांच्या हजेरीपटांवर एके काळी एका वर्गात दोन-दोन, तीन-तीन स्वप्नील असत आणि बाईंना आडनावानं हाक मारावी लागे. नावाजलेल्या स्वप्नीलांची जन्मवर्षं पाहिली तरी अंदाज येतो. अभिनेता स्वप्नील जोशी १९७७चा, गोव्याचा सलामीवीर स्वप्नील अस्नोडकर १९८४चा, नेमबाज स्वप्नील कुसाळे १९९५चा. साधारण या वीसेक वर्षांत हे नाव शहरातून खेड्यात पोचलं होतं. कुसाळे राधानगरी तालुक्यातल्या कांबळवाडीचा. त्यानं २०२४च्या पॅरिस ऑलिंपिकमध्ये ५० मीटर रायफल थ्री पोझिशन्समध्ये कांस्यपदक मिळवलं आणि १९५२च्या हेलसिंकीतल्या खाशाबा जाधवांची आठवण सगळ्या महाराष्ट्राला झाली. खाशाबा आणि स्वप्नील! कराडजवळचं गोळेश्वर आणि राधानगरीतलं कांबळवाडी ही दोन्ही गावं पश्चिम महाराष्ट्रातलीच. पण या दोन नावांच्या मधल्या काळात मराठी घरातली नाव ठेवण्याची रीत किती बदलली, हे सांगायला ही जोडी पुरेशी आहे.

आता नावाच्या घडणीकडे वळू. यातलं 'स्वप्न' कळायला अवघड नाही. 'इल' मात्र समजून घ्यायला हवा. एखादी गोष्ट ज्याच्यापाशी आहे, किंबहुना भरपूर आहे, तो, असा अर्थ देणारा हा प्रत्यय पाणिनीनं अष्टाध्यायीच्या पाचव्या अध्यायात सांगितला आहे. फेस असलेलं ते फेनिल, चिखलानं भरलेलं ते पंकिल, बुळबुळीत ते पिच्छिल, मोठं पोट असलेला तो तुंदिल. पोटासाठी 'उदरिल' असाही एक शब्द त्याच माळेत आहे. पाणिनीला सुटलेल्या पोटाचं काय इतकं अप्रूप होतं, कोण जाणे. हा प्रत्यय घेणाऱ्या शब्दांच्या ज्या याद्या व्याकरणात आहेत, त्यांत 'स्वप्न' नाही. ते पुढच्या काळातल्या भाषांनी, मराठीनं, हिंदीनं, बंगालीनं, जुन्या साच्यात ओतून घेतलं. साचा मात्र निर्विवाद जुना आहे. त्यामुळे स्वप्निल म्हणजे स्वप्नांनी भरलेला. नावांच्या पुस्तकांत 'स्वप्नात दिसलेला' असा अर्थ छापलेला असतो, तो चुकीचा. त्या प्रत्ययात दिसण्याचा काही संबंध नाही.

खरी मौज पुढेच आहे. मराठीत हाच अर्थ सांगणारा दुसरा शब्द आधीपासून आहे : स्वप्नाळू. झोपाळू, लाजाळू, विसराळू यांच्या पंगतीतला. अर्थाच्या तराजूत दोन्ही शब्द सारखे. पण 'तुमचा मुलगा फार स्वप्नाळू आहे' असं शिक्षकांनी सांगितलं तर आईच्या कपाळाला आठ्या पडतील, आणि त्याच मुलाला ती दिवसातून पन्नास वेळा 'स्वप्नील, दूध पिऊन घे' म्हणत असेल. फरक आहे तो 'आळू' आणि 'इल' यांच्या सामाजिक पायरीत. 'आळू' माजघरातला, 'इल' दिवाणखान्यातला. नावं ठेवताना आपण अर्थाइतकाच प्रत्ययाचा दर्जा पाहतो, आणि ते आपल्या लक्षातही येत नाही.

आणखी मागं गेलं तर प्रकरण अवघड होतं. संस्कृतात 'स्वप्न'चा पहिला अर्थ आहे झोप. धातूच 'स्वप्', झोपणे. गीतेच्या सहाव्या अध्यायात योग्यानं आहार-विहाराबरोबर 'स्वप्न' आणि 'अवबोध' बेतानं ठेवावेत असं सांगितलं आहे, तिथं स्वप्न म्हणजे झोपच. म्हणजे एखाद्या जुन्या पंडिताच्या कानावर 'स्वप्निल' पडलं असतं, तर त्यानं अर्थ लावला असता 'झोपेनं भरलेला', म्हणजे झोपाळू. (सकाळच्या शाळेच्या वेळी घरोघरचे आईवडील त्याच्याशी सहमत होतील.)

स्वप्नाला मान मिळाला तो बराच अलीकडे. आपल्या परंपरेत स्वप्नाचं स्थान दुहेरी होतं. वेदान्तानं ते खोटेपणाचं उदाहरण म्हणून वापरलं : जाग आल्यावर स्वप्न उरत नाही, तसंच ज्ञान झाल्यावर जग. बोलीतही तोच सूर आहे. 'स्वप्नातलं राज्य' म्हणजे नसलेलं राज्य, आणि दिवास्वप्न पाहणारा तो बिनकामाचा. दुसऱ्या बाजूला संतांच्या चरित्रांत स्वप्न हाच मोठ्या घटनेचा दरवाजा आहे. तुकोबांना बाबाजी चैतन्यांचा गुरुमंत्र मिळाला तो स्वप्नात. नामदेवांनी पांडुरंगासह येऊन कवित्व करायला सांगितलं तेही स्वप्नात. बहिणाबाईंना तुकोबांचा अनुग्रह झाला तोही स्वप्नातच. पण अशा स्वप्नांना कर्ता देव किंवा गुरू असे. माणूस नुसता पाहणारा. आपण स्वतः पाहायचं, जपायचं आणि पुरं करायचं असं 'माझं स्वप्न' ही कल्पना आधुनिक काळातली. नोकरी, घर, शिक्षण यांच्याशी स्वप्न जोडलं गेलं आणि मग ते बारशापर्यंत आलं.

जुन्या कथांतही बाळ आणि स्वप्न यांची गाठ आहेच. महावीरांच्या जन्माआधी त्रिशलामातेला स्वप्नं पडली, श्वेतांबर परंपरेत चौदा, दिगंबर परंपरेत सोळा. मायादेवीच्या स्वप्नात पांढरा हत्ती आला. पण पुत्रांची नावं ठेवली गेली वर्धमान आणि सिद्धार्थ. एकाचा अर्थ वाढणारा, दुसऱ्याचा ज्याचा हेतू सफल झाला तो. इतकी गाजलेली स्वप्नं पडूनही मुलाचं नाव 'स्वप्न' ठेवावं असं कुणाला वाटलं नाही. स्वप्न ही सूचना होती. नाव ठेवायचं ते फळाचं.

मराठी घरांत तर नाव हे कामाला लावायचं साधन होतं. मुलाचं नाव नारायण, गोविंद, पांडुरंग ठेवायचं, म्हणजे हाक मारता मारता देवाचं नाव तोंडी येतं. मरताना मुलाला 'नारायणा' म्हणून हाक मारणारा अजामिळ तरून गेला, ही भागवतातली कथा कीर्तनातून घरोघर पोचलेली होती. जिथं मुलं जगत नसत तिथं धोंडू, दगडू, भिकू, केरू. नावच असं टाकाऊ ठेवायचं की काळाची नजर पडू नये. ही नावं हसण्यावारी नेणाऱ्यांनी त्यामागची मेलेली भावंडं मोजावीत. १९५६नंतर बौद्ध झालेल्या घरांत सिद्धार्थ, राहुल, आनंद, मिलिंद ही नावं आली, ती तर उघड घोषणाच होती.

या सगळ्यांशेजारी स्वप्नील ठेवून पाहा. त्यात देव नाही, पूर्वज नाही, काळाची भीती नाही, घोषणा नाही. एक विशेषण आहे फक्त, तेही कवितेच्या, भावगीताच्या भाषेतलं. 'स्वप्निल डोळे', 'स्वप्निल वाट' असं ज्या मध्यमवर्गानं वाचलं आणि रेडिओवर ऐकलं, त्यानं ते उचलून मुलाला दिलं. मला या नावाचं महत्त्व वाटतं ते इथं. नावावरून जात, पंथ, कुलदैवत काही कळत नाही. देशावरचा, कोकणातला, विदर्भातला, कुठल्याही आळीतला मुलगा स्वप्नील असू शकतो, आणि असतो. आडनाव विचारण्याची आपली खोड त्यामुळे गेली नाही, हा भाग वेगळा.

नाव पसरायला कानाचीही मदत झाली. अनिल, सुनील, सुशील, कपिल, निखिल, राहुल, अतुल, अमोल, विशाल, हर्षल : त्या तीन-चार दशकांना 'ल'चा छंदच होता. स्वप्नील त्या नादात अलगद बसला. मराठीत शेवटचा 'अ' आपण उच्चारत नाही, त्यामुळे बोलताना नाव 'स्वप्-नील' असं दोन तुकड्यांचं होतं. पारस्करांची निदान अक्षरसंख्येची अट कानापुरती तरी पाळली गेली म्हणायची.

आणि तिथूनच ऱ्हस्व-दीर्घाचा घोळ सुरू होतो. प्रत्यय 'इल' आहे, तेव्हा व्याकरणानं रूप 'स्वप्निल'. पण गरीब, वकील यांसारख्या मराठी शब्दांत शेवटून दुसरा इकार दीर्घ लिहायचा नियम आहे, तो हाताला इतका बसला आहे की 'स्वप्नील'च लिहिलं जातं. तत्सम शब्दांना तो नियम लागू नाही, हे विसरलं जातं. शिवाय शेजारी 'सुनील' आहे. सुनील दीर्घच हवा, कारण तो सु आणि नील. अनिल ऱ्हस्वच हवा. काहींना स्वप्नीलमध्येही निळा रंग दिसतो, पण तसं असतं तर शब्द 'स्वप्ननील' झाला असता. मी स्वतः विशेषण ऱ्हस्व लिहितो आणि माणसाचं नाव तो जसं लिहितो तसं. व्यक्तिनामावर मालकी व्यक्तीची, शुद्धलेखनाच्या नियमांची नाही.

पत्रिका पाहणाऱ्यांसाठी एवढंच : अवकहडा चक्रात सा, सी, सू ही अक्षरं शततारका नक्षत्राची, रास कुंभ. नावरस नाव वेगळं ठेवून व्यवहारात स्वप्नील ठेवणारी घरंही खूप आहेत, त्यामुळे भेटणारा प्रत्येक स्वप्नील कुंभेचा धरून चालू नये.

आता स्वप्नीलचा बहर ओसरला आहे. त्या पिढीतले स्वप्नील आता बाप झाले आहेत आणि त्यांच्या घरच्या पाळण्यांवर रेयांश, अयांश, कियांश झुलताहेत. यावर नाक मुरडायची फॅशन आहे, मला ती पटत नाही. नवं नाव घडवण्यात गैर काय? स्वप्नील हेही एके काळी नवंच होतं. प्रश्न नवेपणाचा नसून सांध्याचा आहे. शिवांश, देवांश यांचे दोन्ही तुकडे ओळखीचे आहेत आणि जोडही नीट बसली आहे. रेयांशमधला 'रेय' काढून दाखवा म्हटलं, तर संस्कृतात तसा शब्द हाती लागत नाही. मग 'प्रकाशाचा किरण' हा अर्थ इंग्रजीतल्या 'रे'वरून आणावा लागतो. श्रेयांशची गोष्ट आणखी वेगळी. अकरावे तीर्थंकर श्रेयांसनाथ, त्यांच्या नावात शेवटी 'स' आहे. 'अंश'च्या लाटेत त्याचा 'श' झाला आणि नाव ठेवणाऱ्याला वाटतं आपण काहीतरी नवं शोधलं. स्वप्नील त्या मानानं फार सुदैवी. नाव नवं, अर्थ नवा, आणि तरी प्रत्यय पाणिनीच्या टाकसाळीतला.

ज्यांच्या घरी सध्या नावावरून खल चालू आहे, त्यांना एक व्यवहाराची गोष्ट सांगून ठेवतो. जन्माची नोंद २१ दिवसांत करायची असते, पण त्या वेळी नाव ठरलेलं असलंच पाहिजे असं नाही. नावाशिवाय नोंद होते, आणि बारा महिन्यांच्या आत नाव विनाशुल्क घालता येतं. त्यानंतर पंधरा वर्षांपर्यंत विलंब शुल्क भरून. तेव्हा बाराव्या दिवसाची घाई आत्याला असू द्या, तुम्ही करू नका. नावाचे दोन तुकडे वेगळे करून कोशात शोधा, मोठ्यानं हाक मारून पाहा, आणि देवनागरीत ऱ्हस्व की दीर्घ ते एकदाच ठरवून सगळ्या कागदांवर तसंच लिहा.

पुढच्या आठवड्यात : मल्हार.