अर्ध्या थेंबाचा कारभार

रुडॉल्फ डिझेल यांनी १८९२ साली ज्या कल्पनेच्या पेटंटासाठी अर्ज केला आणि १८९७ साली जर्मनीतील आउग्सबुर्ग येथील कारखान्यात जी चालत्या यंत्राच्या रूपाने सिद्ध करून दाखविली, तिचे मर्म ऐकावयास सोपे आहे: सिलिंडरात नुसती हवा घ्यावी, ती मूळ आकारमानाच्या सोळाव्या-अठराव्या हिश्श्याइतकी दाबावी, आणि त्या दाबाने तिचे तापमान पाचशे-सहाशे अंश सेल्सियसच्या घरात गेले म्हणजे तीत इंधन सोडावे, ठिणगीच्या साहाय्यावाचून ते आपोआप पेट घेते. परंतु जी हवा स्वतःच पस्तीस-चाळीस वातावरणांच्या दाबाने आत कोंडलेली आहे तिच्यात बाहेरून इंधन घुसवावयाचे, तेही धारेने नव्हे तर तुषारांच्या रूपाने, हे काम त्या काळी इतके दुर्घट होते, की खुद्द डिझेल यांना त्यासाठी याहूनही अधिक दाबाच्या हवेचा झोत वापरावा लागला; आणि तो झोत निर्माण करणारा अवजड काँप्रेसर इंजिनाच्या गळ्यात कायमचा पडल्यामुळे डिझेल इंजिन कित्येक वर्षे जहाजांत आणि वीजघरांतच बंदिस्त राहिले. रस्त्यावर त्याची पावले पडावीत एवढे ते हलके झाले ते मुख्यत्वे एका छोट्या पंपामुळे. रॉबर्ट बॉश यांच्या स्टुटगार्टच्या कंपनीने १९२२ साली त्याचे काम हाती घेतले, १९२७ साली तो कारखान्यातून नियमितपणे बाहेर पडू लागला, आणि १९३६ साली मर्सिडीझने डिझेलवर चालणारी मोटार विक्रीस काढली तेव्हा तिच्या बॉनेटखाली याच घराण्यातला पंप होता.

या पंपाकडे कोणते काम सोपविलेले असते याचा हिशेब मांडून पाहण्यासारखा आहे. विहिरीवर बसविलेले पाच अश्वशक्तीचे, मिनिटाला १५०० फेरे घेणारे एका सिलिंडरचे इंजिन आपल्याकडील शेतकऱ्याच्या परिचयाचे आहे. पूर्ण भारावर ते तासाला साधारणतः सव्वा लिटरच्या आत डिझेल खाते. दोन फेऱ्यांत एकदा इंधन द्यावयाचे, म्हणजे तासाला पंचेचाळीस हजार वेळा. भागाकार केला तर दर वेळच्या वाट्याला सुमारे २५ घन मिलिमीटर येतात, म्हणजे पाण्याच्या एका थेंबाच्या निम्मे. हा अर्धा थेंब सेकंदाच्या हजाराव्या भागाच्या दुप्पट-अडीचपट अवधीत, पिस्टन वरच्या टोकाला पोहोचण्यापूर्वी क्रँकच्या नेमक्या अंशावर, शेकडो वातावरणांच्या दाबाने नोझलमधून फवारला गेला पाहिजे. आणि भार कमी झाला की पुढच्याच खेपेस तो पाव थेंब झाला पाहिजे. ट्रकच्या सहा सिलिंडरी इंजिनात हेच सहा ठिकाणी, आळीपाळीने आणि परस्परांत तफावत न पडू देता करावे लागते.

एवढे सूक्ष्म मोजमाप करणारा पंप आतून गुंतागुंतीचा असेल असे वाटते. प्रत्यक्षात त्याची रचना इतकी थोडक्यात आटोपलेली आहे, की तिच्या कल्पकतेचे कौतुक वाटल्याशिवाय राहत नाही. प्रत्येक सिलिंडरसाठी पंपात एक पोलादी बॅरल आणि तीत वर-खाली होणारा प्लंजर असतो. या जोडीला कारागीर ‘एलिमेंट’ म्हणतात. खालून कॅम प्लंजरला वर ढकलतो, स्प्रिंग त्याला खाली आणते, आणि हा प्रवास, इंजिन रिकामे असो वा भाराखाली, नेहमी तेवढाच असतो. बॅरलच्या भिंतीत बारीक छिद्र असते. प्लंजर खाली असताना त्यातून डिझेल आत येते, वर चढताना प्लंजरच्या माथ्याने ते छिद्र बंद झाले की वर कोंडलेल्या डिझेलवर दाब चढू लागतो. आता पुरवठा थांबवावयाचा कसा? प्लंजरच्या अंगावर एक तिरकी खाच कोरलेली असते, आणि माथ्यावरच्या डिझेलला या खाचेपर्यंत येण्यास एक उभी वाट ठेवलेली असते. प्लंजर चढता चढता खाचेची कडा छिद्रासमोर आली, की कोंडलेले डिझेल त्या वाटेने परत फिरते आणि दाब क्षणार्धात कोसळतो. खाच तिरकी असल्यामुळे प्लंजर स्वतःभोवती किंचित फिरविला, की तिची कडा छिद्राला लवकर किंवा उशिरा गाठते. लवकर गाठली तर कमी डिझेल, उशिरा गाठली तर अधिक. सर्व प्लंजरांना एकाच वेळी असे फिरविणारी दातेरी पट्टी म्हणजे रॅक. ॲक्सिलरेटरवर पाय दाबणारा चालक, किंवा इंजिनाचा वेग आपोआप आवरणाऱ्या गव्हर्नरमधील गरगर फिरणारी वजने, शेवटी एवढेच करतात, की ही पट्टी मागे-पुढे सरकवितात. इंजिन बंद करताना ओढावयाची दोरीसुद्धा प्लंजर इतका वळविते, की त्याची उभी वाटच छिद्रासमोर येऊन दाब मुळी चढतच नाही.

पंपाच्या डोक्यावर प्रत्येक नळीच्या तोंडाशी डिलिव्हरी व्हॉल्व्ह असतो. त्याचे काम निव्वळ परतीचा मार्ग अडविणे हे नव्हे. बंद होताना तो नळीतले थोडे डिझेल मागे ओढून घेतो, म्हणजे नोझलची सुई चटकन बसते आणि मागून थेंब गळत नाही. गव्हर्नरविषयी येथे अधिक लिहीत नाही. त्यावर स्वतंत्र लेख होईल.

मात्र एक गोष्ट ध्यानात धरली पाहिजे, कारण पंपाची पुढची सारी दुखणी तिच्यातून निघतात. प्लंजर आणि बॅरल यांच्यामध्ये रबराचा वायसर नाही, पिस्टनला असतात तशा रिंगा नाहीत, काहीच नाही. दोघांना एकमेकांवर घासून अशी जोडी जमविलेली असते, की त्यांच्यातील फट मिलिमीटरच्या हजाराव्या भागाच्या दोन-चार पटींहून अधिक नसते, आणि तेवढ्या फटीतून डिझेल निसटत नाही म्हणूनच दाब टिकतो. त्या फटीतला डिझेलचा पातळ थर हेच तिचे वंगण. म्हणून एका बॅरलचा प्लंजर दुसऱ्यात घालता येत नाही, जुनी बॅरल ठेवून नवा प्लंजर बसविता येत नाही. जोडी बदलावयाची ती जोडीनेच. जाणता कारागीर एलिमेंट स्वच्छ डिझेलमध्ये धुतो, बॅरल तिरकी धरतो, प्लंजर एक-तृतीयांश बाहेर ओढून सोडतो आणि पाहत राहतो: तो आपल्या वजनाने, न अडखळता, सावकाश खाली उतरला पाहिजे. मध्येच थबकला तर अंगावर ओरखडा किंवा गंज आहे. धपकन पडला तर झीज झाली आहे.

१९५१ साली बंगळुरात निघालेल्या मोटर इंडस्ट्रीज कंपनीने, म्हणजे गॅरेजच्या भाषेतील ‘मायको’ने, हे पंप या देशात बनविण्यास आरंभ केला, आणि नोझल व इंजेक्टर यांचा तिचा कारखाना नाशिकला सातपूर येथे उभा राहिला, त्यामुळे हमरस्त्यालगतच्या बऱ्याच गावांत ‘फ्युएल पंप, नोझल, कॅलिब्रेशन’ अशी पाटी लावलेले एखादे बंदिस्त, धूळ टाळणारे दुकान आढळते. अशा दुकानात पंप घेऊन येणाऱ्याची फिर्याद बहुधा एकच असते, की पंप गेला. आणि पंप गेला हे खरे असले तरी कसूर पंपाची नसते, असे माझे स्पष्ट मत आहे. पंपाच्या पोटात जे येते त्याची चौकशी आधी व्हावयास हवी.

त्यात पहिला आरोपी पाणी. विहिरीवर, खडीच्या क्रशरवर डिझेलचे पिंप उघड्यावर उभे करून ठेवण्याची आपल्याकडे सररास चाल आहे. पावसाचे पाणी पिंपाच्या झाकणावर साचते, दिवसा तापलेले पिंप रात्री निवले की आतील हवा आकुंचन पावते, आणि बूच घट्ट लावलेले असूनही आट्यांच्या फटींतून ते पाणी आत ओढले जाते. पिंप किंचित कलते ठेवून बूच पाण्याच्या पातळीच्या वर येईल एवढी तजवीज केली तरी हा उपद्रव पुष्कळ टळतो. पाण्याला वंगणाचा गुण नाही. ते प्लंजर व बॅरल यांच्यामध्ये गेले की दोन्ही पृष्ठे कोरडी घासतात, आणि इंजिन महिनाभर उभे राहिले तर गंज चढून प्लंजर जागीच आवळतो.

दुसरा आरोपी धूळ. फटीत मावेल एवढा कणच तीत शिरून पॉलिशचे काम करतो, आणि सर्वाधिक मार बसतो तो खाचेच्या कडेवर, म्हणजे जेथे मोजमाप ठरते नेमक्या त्याच जागी. झिजलेल्या एलिमेंटचे लक्षण असे, की इंजिन एकदा चालू झाले तर बरे चालते, परंतु गार असताना उठता उठत नाही; कारण स्टार्टरच्या मंद गतीत प्लंजर हळू चढतो आणि तेवढ्या अवकाशात डिझेल फटीतून मागे निसटते. गरम झालेले इंजिन बंद करून लगेच पुन्हा चालू होत नसेल तर संशय अधिक बळावतो, कारण गरम डिझेल आणखी पातळ असते. याच न्यायाने रॉकेलची भेसळही घातक ठरते. रेशनवरच्या रॉकेलला निळा रंग देण्याचा सरकारी बंदोबस्त भेसळ उघडकीस यावी म्हणून होता. पण ते डिझेलहून पातळ आणि वंगणात उणे असल्याने भेसळीचा अर्धाअधिक दंड पंपाकडूनच वसूल होत असे.

तिसरी गोष्ट हवा. ही खरे तर बिघाड नव्हेच, पण पंपाच्या नावावर नाहक मांडली जाते. टाकी रिकामी होईतो गाडी दामटली, किंवा फिल्टर बदलला, की नळ्यांत हवा शिरते. प्लंजर ती दाबतो, ती दबते, सुटली की पुन्हा फुगते, आणि नोझलपाशी दाब पोहोचतच नाही. फिल्टरवरचा स्क्रू सैल करावा, टाकीतून डिझेल ओढून आणणाऱ्या फीड पंपाची हातमूठ बुडबुडे थांबेपर्यंत मारावी, मग स्क्रू आवळावा. हवा काढूनही ती पुन्हा पुन्हा भरत असेल, तर टाकीपासून पंपापर्यंतच्या सक्शनच्या वाटेवर कोठेतरी वायसर कुजला आहे किंवा नळीला चीर आहे. तेथून डिझेल बाहेर गळलेले दिसेलच असे नाही, कारण तो भाग आत ओढणारा असतो.

धुरावरून निदान करण्याची हौस सर्वांनाच असते. काळा धूर म्हणजे डिझेल जास्त किंवा हवा कमी. पंपाला हात लावण्यापूर्वी एअर फिल्टर काढून पाहिला तर पुष्कळदा उलगडा तेथेच होतो. पांढरा धूर म्हणजे न जळलेले डिझेल, आणि त्याचे कारण पंपाचे टायमिंग मागे पडले हेही असू शकते. विहिरीवरच्या इंजिनात पुरवठा साधारणतः पिस्टन माथ्यावर येण्यापूर्वी वीस-पंचवीस अंश सुरू व्हावा लागतो. चार अंशांची चूक झाली तरी इंजिन एक तर ठोकू लागते किंवा धूर सोडू लागते. काळ्या धुराचे आणखी एक कारण उघडपणे बोलले जात नाही. कमाल डिझेल किती द्यावयाचे ते ठरविणाऱ्या स्क्रूवर कारखान्यात सील लावलेले असते. घाटात ट्रक जोरात चढावा म्हणून ते तोडून स्क्रू फिरविला जातो, ताकद काही अंशी वाढते, आणि तिची किंमत पिस्टन व व्हॉल्व्ह चुकवितात. याहून दुर्मीळ पण भयंकर प्रसंग म्हणजे रॅक पूर्ण पुरवठ्याच्या टोकाला अडकून बसणे. मग गव्हर्नरचा अंमल संपतो आणि इंजिन किंचाळत वेग घेते. अशा वेळी हवेची वाट फळकुटाने बंद करणे हाच जलद उपाय.

खरोखर पंपच दोषी आहे की काय, याचा निवाडा टेस्ट बेंचवर होतो. विजेच्या मोटरीने पंप ठरावीक वेगात फिरवितात, प्रत्येक नळीखाली आखीव काचेची नळी धरतात, ठरावीक खेपांनंतर साऱ्या नळ्यांतील डिझेलची पातळी जुळवून पाहतात. चार नळ्या समान आणि दोन उण्या भरल्या, तर त्या दोन एलिमेंटांचा किंवा त्यांच्या डिलिव्हरी व्हॉल्व्हांचा तपास करावयाचा. हे न करता अंदाजाने रॅक सैल-घट्ट करणारा मेकॅनिक स्वस्त पडतो, पण एकदाच.

आणखी एक प्रकरण शासनाच्या पर्यावरणविषयक हुकमांतून उद्भवले. धुरातील विष कमी व्हावे म्हणून डिझेलमधील गंधक काढून टाकण्यात येऊ लागले, आणि भारतात एप्रिल २०२० पासून देशभर ते दशलक्षात दहा भागांवर आणले गेले. गंधक काढणाऱ्या प्रक्रियेत डिझेलचा वंगणगुण राखणारी इतर द्रव्येही निघून जातात. स्वीडनमध्ये नव्वदच्या दशकारंभी असे डिझेल आले तेव्हा पंप अकाली झिजल्याचे अनुभव आले, आणि तेव्हापासून तेल शुद्धीकरण कारखान्यांत वंगणगुण वाढविणारी द्रव्ये मिसळण्याचा आणि घर्षणाने पडणारा डाग ४६० मायक्रॉनच्या आत आहे याची चाचणी घेण्याचा जाबता पडला. ज्या रोटरी पंपांत एकच फिरणारा भाग साऱ्या सिलिंडरांना आळीपाळीने इंधन वाटतो आणि सर्व अंतर्भाग डिझेलनेच भिजतात, त्यांना हा धोका अधिक. वर वर्णिलेल्या, एका ओळीत एलिमेंट असलेल्या जुन्या इनलाइन पंपाच्या कॅमपेटीत निदान स्वतंत्र ऑइल असते. ते ऑइल पातळ होऊन वाढू लागले, तर एलिमेंटमधून डिझेल खाली पाझरत आहे असे समजावे.

१९९७ नंतरच्या मोटारींत पंपाचा अर्धा अधिकार काढून घेण्यात आला. कॉमन रेल पद्धतीत पंप केवळ दाब निर्माण करून एका जाड नळीत भरून ठेवतो; किती व केव्हा सोडावयाचे ते इलेक्ट्रॉनिक यंत्रणा ठरविते आणि इंजेक्टर अमलात आणतो. दाबही आज दोन हजार बारच्या पुढे गेला आहे. जुन्या ट्रकवर कारागीर इंजिन चालू ठेवून एकेका नळीचा नट सैल करतो, आणि ज्या नटाने आवाजात फरक पडला नाही तो सिलिंडर मेलेला ठरवितो. कॉमन रेलच्या इंजिनावर ही युक्ती कदापि करू नये. त्या दाबाची धार कातडीतून सुईसारखी आत शिरते, बाहेर लहानसा ठिपका दिसतो, दुखतही फारसे नाही, आणि आत पसरलेले डिझेल काढण्यासाठी काही तासांत शस्त्रक्रिया झाली नाही तर बोट गमवावे लागते. नोझल टेस्टरखाली फवारा हाताने अजमावणाऱ्यालाही हेच लागू आहे.