राजपद आणि न्यायासन

इंदूरच्या पोलोग्राउंडवर आज कारखाने आहेत. संस्थानी काळ उरला तो नावापुरता. त्या काळातील एक प्रकरण आंतरराष्ट्रीय न्यायाच्या अभ्यासकांनी अवश्य पाहावे, असे आम्हांस वाटते. १९२५ साली मुंबईत अब्दुल कादर बावला यांचा खून झाला, मुमताझ बेगम जखमी झाल्या. मारेकऱ्यांना उच्च न्यायालयात शिक्षा झाली. संशय इंदूर दरबारावर गेला. परंतु संस्थानिकावर साधा खटला चालत नसे. चौकशी आयोग की पदत्याग, असा पर्याय सरकारने ठेवला. तिसऱ्या तुकोजीराव होळकरांनी १९२६ मध्ये गादी सोडली. दोष सिद्ध झाला नाही, निर्दोषत्वही नाही. राजकीय सोय झाली. तिला न्याय कसे म्हणावे? १९९८ च्या रोम करारात, त्यातील गुन्ह्यांपुरते, राष्ट्रप्रमुखाचे पदही खटल्याआड येत नाही. भारताने त्यावर सही केलेली नाही.