पोस्टरवरचा मुलगा : के-पॉपविषयीचे गैरसमज आणि वस्तुस्थिती

डिसेंबर २०२४ च्या अखेरीस धाराशिव जिल्ह्यातल्या उमरगा तालुक्यातून तीन मुली घराबाहेर पडल्या. एक ११ वर्षांची, दोघी १३ वर्षांच्या. पुण्याला जायचं, काम करून पैसे जमवायचे आणि कोरियात जाऊन बीटीएस या कोरियन पॉप (के-पॉप) गटाला भेटायचं, असा त्यांचा बेत होता. आपलं अपहरण झाल्याचा बनावही त्यांनीच रचला. पोलिसांनी फोनचा माग काढला आणि सोलापूर जिल्ह्यातल्या मोहोळला त्या सुखरूप सापडल्या.

ही बातमी आली तेव्हा कल्याणहून माझी बहीण आणि भाची डोंबिवलीला माझ्याकडे आल्या होत्या. भाची आठवीत आणि बीटीएसची चाहती, म्हणजे त्या मुलांच्या भाषेत ‘आर्मी’. आम्ही मोठी माणसं नेहमीचंच बोललो. मोबाइलचा परिणाम, ती रंगवलेली मुलं, कसलं हे वेड! भाची बराच वेळ गप्प होती. मग म्हणाली, “मावशी, त्या मुली कोरियाला पोचल्या असत्या तरी त्यांना भेटलं कोण असतं? सातांपैकी पाच जण अजून सक्तीच्या सेवेत आहेत.”

तिचं म्हणणं खरं होतं. त्या दिवशी माहिती तिच्याकडे होती आणि आमच्याकडे नुसती मतं. मात्र पुढे बोलताना लक्षात आलं, की काही बाबतींत तीही स्वप्नातच आहे. म्हणून दोन्ही पिढ्यांचे गैरसमज इथे एकत्र घेते. सोबतीला बीटीएसमधला एकच मुलगा ठेवू : जे-होप.

गैरसमज १ : चेहरा बरा असला की निवड होते आणि मुलगा रातोरात स्टार होतो.

वस्तुस्थिती : जे-होपचं खरं नाव जंग हो-सोक. जन्म १८ फेब्रुवारी १९९४ चा, कोरियाच्या दक्षिणेकडच्या ग्वांगजू शहरातला. वडील शिक्षक. सोलला येण्याआधी तो गावातल्या ‘न्यूरॉन’ नावाच्या चमूत रस्त्यावरचे नाच करायचा. बिग हिट या तेव्हाच्या छोट्या कंपनीत आला तो नाचणारा म्हणून. रॅप त्याला येत नव्हतं, ते तो तिथे शिकला. १३ जून २०१३ ला बीटीएसने पदार्पण केलं. सुरुवातीला सातही जण एकाच खोलीत दुमजली खाटांवर झोपायचे.

पदार्पणाआधीच्या या काळाला तिथे ‘ट्रेनी’चा काळ म्हणतात. शाळा सुटल्यावर गाणं, नाच, परभाषा, कॅमेऱ्यासमोर वावरणं या सगळ्याची तालीम चालते आणि बहुतेक कंपन्यांत दर महिन्याला परीक्षा होते. ‘स्ट्रे किड्स’ या दुसऱ्या गटाचा नेता बँग चान ऑस्ट्रेलियात वाढला. पोरवयात तो जेवायपी कंपनीत दाखल झाला आणि पदार्पणासाठी सात वर्षं थांबला. तोवर सोबतचे कितीतरी जण पुढे निघून गेले होते. ट्रेनी झालेल्यांपैकी बहुतेकांचं पदार्पण कधी होतच नाही. ते घरी परततात आणि अभ्यासाला लागतात. त्यांची पोस्टरं छापली जात नाहीत, म्हणून ते आपल्या मुलांना दिसत नाहीत.

डोंबिवलीकरांना हे समजायला अवघड नाही. त्याच २०१३ सालच्या मार्चमध्ये आपल्या डोंबिवलीत वाढलेला अजिंक्य रहाणे पहिली कसोटी खेळला. किटबॅग घेऊन लोकलच्या गर्दीतून केलेली त्याची सरावाची वर्षं आपण कौतुकाने सांगतो. कसोटी संघात निवड झाल्यावरही प्रत्यक्ष खेळायला मिळेपर्यंत तो वर्षाहून अधिक काळ थांबला. रहाणेच्या बाबतीत आपण ज्याला तपश्चर्या म्हणतो, तेच ग्वांगजूच्या मुलाने केलं तर त्याला नशीब म्हणणं न्यायाचं नाही.

गैरसमज २ : ही कंपनीच्या हातातली बाहुली. गाणी दुसराच कुणी लिहितो.

वस्तुस्थिती : गट कसा असावा, कोणतं गाणं कधी यावं, कपडे कोणते, नाच कोण बसवणार, यातलं बरंच कंपनी ठरवते. हे लपवण्याचं कारण नाही. पण बीटीएसमधले आरएम, शुगा आणि जे-होप आधीपासून स्वतःच्या ओळी स्वतः लिहीत आले आहेत. शुगाने इतर गायकांसाठीही काम केलंय. २०२० मध्ये गाजलेलं आययू या गायिकेचं ‘एट’ त्याच्या निर्मितीतलं. ‘सेव्हन्टीन’ या गटाची बहुतेक गाणी त्यांच्यातलाच वूझी रचतो, तर ‘स्ट्रे किड्स’मध्ये बँग चान आणि त्याचे दोन साथीदार ते काम करतात.

जे-होपचा ‘जॅक इन द बॉक्स’ हा एकट्याचा अल्बम जुलै २०२२ मध्ये आला. त्याच महिन्याच्या ३१ तारखेला शिकागोच्या लोलापलूझा महोत्सवात मुख्य मंचावरचा समारोप त्याने केला. अमेरिकेतल्या एवढ्या मोठ्या महोत्सवात हा मान मिळालेला तो पहिला कोरियन कलाकार. तासाभराहून अधिक वेळ त्याने एकट्याने मंच पेलला. बाहुलीला ते जमत नाही.

गैरसमज ३ : मेकअप करतात, म्हणजे पुरुषासारखे पुरुष नाहीत.

वस्तुस्थिती : हे वाक्य मराठी घरात तरी उच्चारलं जाऊ नये. नारायण श्रीपाद राजहंस म्हणजे बालगंधर्व शालू नेसून मंचावर आले, की नाट्यगृह श्वास रोखून बसायचं. त्यांचे दागिने आणि नेसण्याच्या तऱ्हा त्या काळच्या स्त्रिया उचलायच्या. रंगभूषा हा कलावंताच्या कामाचा भाग आहे, हे गडकरी रंगायतन आणि सावित्रीबाई फुले कलामंदिरात नाटकं पाहणाऱ्यांना वेगळं सांगायला नको.

गैरसमज ४ : एवढे मोठे स्टार, त्यांना कुठले नियम लागू?

वस्तुस्थिती : दक्षिण कोरियात धडधाकट पुरुषाला सैन्यात सुमारे दीड वर्ष सक्तीची सेवा करावी लागते. ऑलिंपिक पदक, आशियाई स्पर्धेतलं सुवर्ण किंवा शास्त्रीय संगीत-नृत्याच्या ठरावीक स्पर्धांमधलं यश यांसाठी सवलत आहे. पॉप गायकांना ती नाही. बीटीएसला ती द्यावी का, यावर तिथे कित्येक वर्षं वाद झाला. २०२० मध्ये कायदा बदलला, पण देशाचं नाव मोठं करणाऱ्या पॉप कलाकाराला ३० वर्षांचा होईपर्यंत सेवा पुढे ढकलता येईल, एवढीच मुभा मिळाली. माफी मिळाली नाही.

सर्वांत मोठा जिन १३ डिसेंबर २०२२ ला दाखल झाला. जे-होप १८ एप्रिल २०२३ ला गेला. वोंजूमधल्या ३६व्या पायदळ डिव्हिजनमध्ये तो नव्या जवानांना शिकवणारा साहाय्यक प्रशिक्षक होता. १७ ऑक्टोबर २०२४ ला तो सुटला. शुगाची सक्तीची सेवा सैन्याऐवजी समाजसेवेच्या विभागात होती. बाकीचे चौघे, आरएम, व्ही, जिमिन आणि जंगकूक, डिसेंबर २०२३ मध्ये सैन्यात गेले. सातवा माणूस मोकळा झाला तेव्हा जून २०२५ उजाडला होता. उमरग्याच्या मुली बसमध्ये चढल्या त्या दिवशी पाच जण सेवेत होते, ते असे.

ऐन उमेदीची दीड-दोन वर्षं अशी द्यायची आणि परतल्यावर लोक आपल्याला विसरले नसतील ना, ही धास्ती सोबत वागवायची, हे तिथल्या प्रत्येक पुरुष गायकाच्या वाट्याला येतं.

गैरसमज ५ : पहिल्या गाण्यापासून पैशांचा पाऊस.

वस्तुस्थिती : प्रशिक्षण, राहणं, कपडे, व्हिडिओ यांवर कंपनी आधी खर्च करते. अनेक कंपन्यांत तो खर्च गटाच्या पुढच्या कमाईतून वळता होतो आणि मगच कलाकाराचा वाटा सुरू होतो. तोही गटातल्या सगळ्यांत विभागला जातो. गाणी चालली नाहीत, तर काही वर्षं काम करूनही हातात फारसं काही उरत नाही.

करारांचीही एक लढाई झालेली आहे. २००९ मध्ये ‘टीव्हीएक्सक्यू’ या अतिशय लोकप्रिय गटातल्या पाचांपैकी तिघे एसएम कंपनीविरुद्ध न्यायालयात गेले. त्यांचा करार १३ वर्षांचा होता. त्याच वर्षी कोरियाच्या व्यापार आयोगाने नमुना करार आणला आणि मुदतीला सात वर्षांची मर्यादा आली. आज गटाचं सातवं वर्ष जवळ आलं, की चाहते धास्तावतात ते यामुळे. बीटीएसने पहिला करार संपण्याआधीच, २०१८ मध्ये, नवा करार केला. पुढे २०२० मध्ये कंपनी शेअर बाजारात गेली, तेव्हा संस्थापक बांग शी-ह्युक यांनी सातही जणांना प्रत्येकी ६८,३८५ शेअर दिले. पदार्पणानंतर सात वर्षांनी आलेलं आणि फार थोड्यांना लाभलेलं हे फळ आहे.

गैरसमज ६ : सदा हसतमुख, सदा मजेत.

वस्तुस्थिती : जे-होपच्या नावातच आशा आहे. पण पदार्पणाआधी त्यानेही एकदा सगळं सोडून जायचं ठरवलं होतं. साथीदारांनी त्याला परत आणलं. शुगा ट्रेनी असताना पोटासाठी घरपोच सामान पोचवायचा. तेव्हा झालेल्या अपघातात खांदा दुखावला. तो खांदा घेऊन तो वर्षानुवर्षं नाचला आणि नोव्हेंबर २०२० मध्ये त्यावर शस्त्रक्रिया करावी लागली.

या धंद्यात मुलं फार लहान वयात येतात, म्हणून २०१४ पासून तिथे कायदा आहे. १५ वर्षांखालच्या कलाकाराकडून आठवड्याला ३५ तासांपेक्षा आणि त्यापुढच्या अल्पवयीनांकडून ४० तासांपेक्षा जास्त काम घेता येत नाही. रात्री दहा ते सकाळी सहा कामाला मनाई आहे, त्यातही काही अपवाद आहेत. पडद्यावरचं हसू खोटं असतं असं मी म्हणणार नाही. ते कष्टाचं असतं, एवढं मुलांना ठाऊक हवं.

गैरसमज ७ : संधी हवी तर कोरिया गाठायला हवं.

वस्तुस्थिती : हा माझ्या भाचीचा समज होता आणि सगळ्यांत धोक्याचा हाच. भारतीयांना ही दारं बंद नाहीत. २०१९ मध्ये ‘झी-बॉइज’ या आशियाई गटात सिड हा भारतीय मुलगा होता. ओडिशाची श्रेया लेंका २०२२ मध्ये ‘ब्लॅकस्वान’मध्ये निवडली गेली. केरळची आरिया २०२३ मध्ये ‘एक्स:इन’मधून पुढे आली. घरातून पळून जाणं त्या वाटेत कुठेच नव्हतं. चाचण्या, कागदपत्रं आणि अनेक महिन्यांची तालीम होती.

आता तर कंपन्याच इकडे येत आहेत. बिग हिटचं पुढचं रूप असलेल्या हाइबने २०२५ मध्ये मुंबईत आपली भारतीय कंपनी सुरू केली. त्याच वर्षी ‘आउटस्टेशन’ हा पाच मुलांचा भारतीय गट आला. त्यातला मशाल शेख गोव्याचा आहे.

पालकांनी एक खूण लक्षात ठेवावी. कोरियातल्या मोठ्या कंपन्या ऑडिशनसाठी पैसे घेत नाहीत आणि घोषणा आपल्या अधिकृत संकेतस्थळावरच करतात. ‘फी भरा, कोरियाला पाठवतो’ म्हणणाऱ्याला दारातूनच परत पाठवावं.

गैरसमज ८ : यातून मुलांच्या हाती काहीच लागत नाही.

वस्तुस्थिती : छायाचित्रांच्या कार्डांवर पैसे उधळले जातात आणि रात्री जागून अभ्यास बुडतो, ही तक्रार रास्त आहे. तिथे घरातून मर्यादा घालायलाच हवी. पण दुसरी बाजूही पाहा. जून २०२० मध्ये बीटीएस आणि त्यांच्या कंपनीने अमेरिकेतल्या वर्णभेदविरोधी चळवळीला १० लाख डॉलर दिले, तेव्हा जगभरच्या चाहत्यांनी सुमारे एका दिवसात तेवढेच पैसे जमवले. कोविडच्या दुसऱ्या लाटेत भारतातल्या चाहत्यांनीही मदतनिधी उभा केला. त्यात शाळा-कॉलेजातली मुलं-मुली होती.

भाषेचंही तसंच. २०२० च्या राष्ट्रीय शैक्षणिक धोरणात शिकवायच्या परदेशी भाषांमध्ये कोरियनचं नाव आहे. रांजणगावला एलजीचा कारखाना आहे आणि तळेगावचा कारखाना ह्युंदाईने घेतला आहे. कोरियन नीट येणाऱ्या, ‘टोपिक’ ही परीक्षा दिलेल्या मराठी मुलीला उद्या पुण्यातच काम मिळू शकतं. गाण्यातून लागलेली गोडी तिथवर न्यायची, तर घराने हात धरायला हवा.

उमरग्याच्या मुलींना रागावणारे पुष्कळ भेटले असतील. घराबाहेर पडण्याआधी त्यांना कुणी विचारलं असतं, की तुला यातला कोण आवडतो, तो कुठला, शिकला कसा, सध्या काय करतो, तर त्या उत्तरं शोधत बसल्या असत्या. आणि बहुधा बसमध्ये चढल्या नसत्या.

भाचीला मी हे प्रश्न त्या दिवशीच विचारले. आता ती शनिवारी कोरियन लिपी शिकते. राजा सेजोंगने १४४६ मध्ये लोकांसाठी जाहीर केलेली ही लिपी. व्यंजन आणि स्वर जोडून अक्षर करायची तिची रीत आपल्या बाराखडीच्या जवळची, म्हणून तिला ती भराभर येते. परवा तिने वहीत तीन चौकोनी अक्षरं काढली आणि वही माझ्यासमोर सरकवली.

मी एकेक अक्षर लावत गेले. जंग. हो. सोक.

पोस्टरवर छापलेलं नाव ते नव्हतं. ग्वांगजूच्या शिक्षकांनी आपल्या मुलाचं ठेवलेलं नाव होतं.