पदयात्रा : भीतीकडून संवादाकडे

पूर्वग्रह भाषेत कसा रुजतो हे आपण मागील भागात पाहिले. तो नाहीसा होण्यास कायदा पुरेसा असतो का, या प्रश्नाचा विचार येथे एका पदयात्रेच्या आधारे करावयाचा आहे.

अमेरिकेतील १९६५ च्या मताधिकार कायद्याने कृष्णवर्णीयांच्या मतदार-नोंदणीतील अडथळे बेकायदा ठरविले. तरीही मिसिसिपी राज्यात अनेकजण नोंदणीस धजत नव्हते. रोजगार जाण्याची, प्रसंगी जीव जाण्याची धास्ती होती. वर्णद्वेषाची खरी तटबंदी ही भीतीच आहे, हे जेम्स मेरेडिथ यांनी ओळखले. मिसिसिपी विद्यापीठात १९६२ मध्ये प्रवेश मिळविणारे ते पहिले कृष्णवर्णीय विद्यार्थी. ५ जून १९६६ रोजी मोजक्या सोबत्यांसह ते मेम्फिसहून जॅक्सनकडे पायी निघाले. अंतर सुमारे ३५० किलोमीटर होते. दुसऱ्याच दिवशी एका गोऱ्या इसमाने त्यांच्यावर गोळ्या झाडल्या. ते जखमी झाले. परंतु मार्टिन ल्यूथर किंग, स्टोकली कार्मायकेल प्रभृतींनी वाटचाल पुढे चालू ठेवली.

वाहनातून जाणारा माणूस गाव ओलांडतो. पायी जाणाऱ्याला गावात थांबावे लागते, पाणी व निवारा मागावा लागतो. त्यामुळे बोलणे अटळ होते. या वाटचालीत चार हजारांहून अधिक कृष्णवर्णीयांनी मतदार म्हणून नाव नोंदविले. २६ जूनला जॅक्सन येथे सुमारे पंधरा हजार लोक जमले; त्यांत मेरेडिथही होते.

भाषाभ्यासकासाठी आणखी एक गोष्ट महत्त्वाची आहे. वाटेत ग्रीनवुड येथे कार्मायकेल यांनी ‘ब्लॅक पॉवर’ ही घोषणा दिली. तिचा विपरीत अर्थ लावला जाईल, अशी किंग यांना चिंता होती. तोवर ‘निग्रो’ हा शब्द शिष्टसंमत, तर ‘ब्लॅक’ हा पुष्कळदा हिणविणारा मानला जाई. पुढील काही वर्षांत हे मूल्य उलटे झाले. शब्द तोच राहिला. तो उच्चारण्याचा अधिकार कोणाकडे आहे, हे बदलले. ‘दलित’ या शब्दाचा मराठीतील प्रवासही याच दिशेचा आहे. मुंबईत १९७२ मध्ये स्थापन झालेल्या ‘दलित पँथर’ने आपले नाव अमेरिकेतील ‘ब्लॅक पँथर’वरून घेतले, हा निव्वळ योगायोग नव्हे.

सारांश, कायदा अधिकार देतो. तो वापरण्याचे धैर्य मात्र माणसांच्या परस्परसंवादातून येते.

स्वयंअध्ययन प्रश्न : आपल्या परिसरात हिणविण्यासाठी वापरला जाणारा एखादा शब्द घ्या. तो कोण, कोणास उद्देशून व कोणत्या प्रसंगी उच्चारतो, यानुसार त्याचा अर्थ कसा पालटतो ते दहा ओळींत लिहा.