स्वस्तातली रेल्वे

भडगावला रेल्वे स्टेशन नाही. मुंबई-भुसावळ मुख्य मार्ग तालुक्यातून जातो, पण तो कजगाववरून. गिरणेकाठचं तालुक्याचं गाव मात्र बाजूलाच राहिलं. त्यामुळे भडगावकराला गाडी धरायची तर कजगाव नाहीतर पाचोरा. आणि पाचोऱ्याला गेलं की ब्रॉडगेजच्या शेजारी दिसायची ती अरुंद रुळांवरची चिमुकली गाडी, पाचोरा-जामनेर. खानदेशात तिला सगळे ‘पीजे’च म्हणतात.

ही गाडी २०२० साली थांबली ती थांबलीच. वरखेडी, पिंपळगाव, शेंदुर्णी, पहूर, भागदरा, जामनेर अशी तिची स्टेशनं तेव्हापासून गाडीविना आहेत. या मार्गाची आठवण निघाली की लोक हळवे होतात, ते साहजिकच आहे. मला मात्र त्यातलं अर्थकारण जास्त ओढून घेतं. पीजे जन्मली स्वस्ताईतून, शंभर वर्षं जगली स्वस्ताईवर आणि गेलीही त्याच स्वस्ताईपायी.

खानदेशात रेल्वे आली १८६०च्या दशकात. ग्रेट इंडियन पेनिन्शुला कंपनीचे रूळ चाळीसगाव, पाचोरा, जळगाव करत भुसावळकडे सरकत होते, त्याच सुमारास अमेरिकेत यादवी युद्ध पेटलं होतं. तिथला कापूस अडला, लँकेशायरच्या गिरण्या उपाशी पडल्या आणि मुंबई बंदरात कापसाचे भाव आभाळाला टेकले. युद्ध १८६५ला संपलं, भाव कोसळले, पण खानदेशचा कापूस आणि रेल्वे यांची गाठ कायमची पडली. स्टेशनांच्या आसपास जिनिंग-प्रेसिंगचे कारखाने उभे राहिले. अडचण होती ती रुळांपासून लांबच्या गावांची. काळी कसदार जमीन, त्यात पावसाळ्यात बैलगाडीचं चाक आसापर्यंत रुतणार. कापूस वेचला तरी स्टेशनपर्यंत नेणं हेच मोठं काम.

त्यावरचा उपाय म्हणजे जोडमार्ग. धुळ्यासाठी चाळीसगावहून १९०० साली ब्रॉडगेजचा फाटा निघाला. जामनेरच्या वाट्याला १९१८-१९च्या सुमारास नॅरोगेज आली. लांबी ५६ किलोमीटर, दोन रुळांमधलं अंतर अडीच फूट. मुख्य मार्गावर हेच अंतर साडेपाच फूट आहे.

अडीच फूटच का? याचं उत्तर बार्शीत सापडतं. एव्हरार्ड कॅलथ्रॉप या इंग्रज अभियंत्याने १८९७ साली बार्शी लाइट रेल्वे सुरू केली ती याच मापावर. अरुंद रुळांना जमीन कमी लागते, वळणं तीव्र घेता येतात, पूल हलके चालतात, टेकाड फोडण्याऐवजी त्याला वळसा घालता येतो. वजन सगळ्या चाकांवर सारखं विभागलं की हलक्या रुळांवरूनही बऱ्यापैकी माल जातो, हे त्याने दाखवून दिलं. जिथे ब्रॉडगेजचा खर्च कधीच निघाला नसता, अशा मुलखाला त्यामुळे रेल्वे मिळाली. पुढे यवतमाळ-मूर्तिजापूरची शकुंतला, पुलगाव-आर्वी, आणि आपली पीजे ही सगळी याच मापाची भावंडं.

पण बांधताना वाचवलेला पैसा पुढे रोज थोडा थोडा परत द्यावा लागतो. नॅरोगेजचा डबा मुख्य मार्गावर चढत नाही. जामनेरहून निघालेली कापसाची गाठ पाचोऱ्याला उतरवायची, हमालांनी ती मोठ्या वाघिणीत भरायची, मग ती मुंबईला. दुहेरी हमाली, वेळ, नासधूस. दुसरी वाहतूक नव्हती तोवर हे खपलं. १९४८ साली एसटी सुरू झाली, मागोमाग ट्रक आले आणि शेतातून उचललेला माल थेट बाजारात उतरू लागला. मग पीजेकडे उरले प्रवासी.

आणि प्रवाशांच्या बाबतीत तर दिशाच उलटी होती. १९०६ साली खानदेशचे दोन जिल्हे झाले तेव्हापासून जळगाव हे जिल्ह्याचं ठाणं. कचेरी, कोर्ट, मोठा बाजार, सगळं तिथे. जामनेरहून जळगाव रस्त्याने पस्तीस-चाळीस किलोमीटर. पीजेने जायचं तर आधी ५६ किलोमीटर पाचोऱ्याला, मग गाडी बदलून आणखी पन्नासेक किलोमीटर. मुंबईकडे निघालेल्या कापसाला हा रस्ता सोयीचा होता, कोर्टाची तारीख असलेल्या माणसाला नव्हे. तरीही गाडी भरत असे, कारण तिकीट बसपेक्षा खूपच स्वस्त. शेंदुर्णीच्या त्रिविक्रमाला कार्तिकात जाणारे, पाचोऱ्याला शिकणारी पोरं, बाजारहाट करणारी माणसं. ज्यांच्याकडे वेळ होता आणि पैसा नव्हता, त्यांची ही गाडी. ‘पीजे उनी का?’ (पीजे आली का?) ही चौकशी घड्याळ असलेलेही करत.

वाफेच्या इंजिनाची जागा डिझेलने घेतली, पण वेग फारसा वाढला नाही. १९९२ साली रेल्वेने ‘युनिगेज’ धोरण आणलं, देशभर एकच माप करायचं ठरलं, तेव्हाच खरं तर अशा मार्गांचं भवितव्य लिहिलं गेलं. बार्शीची लाइन ब्रॉडगेज झाली, नागपूर-नागभीड २०१९मध्ये त्यासाठीच थांबली. पीजेला मात्र कुणी रीतसर निरोप दिला नाही. २२ मार्च २०२०ला महासाथीमुळे देशातल्या प्रवासी गाड्या थांबवल्या गेल्या त्यात तीही थांबली. बाकीच्या हळूहळू सुरू झाल्या, ही नाही. महासाथ नसती तर लोकांनी रुळांवर बसून गाडी बंद होऊ दिली नसती, असं मला वाटतं. टाळेबंदीत रुळांवर बसणार कोण?

आता हाच मार्ग ब्रॉडगेज करून पुढे बोदवडपर्यंत न्यायचा प्रकल्प मंजूर आहे, एकूण सुमारे ८४ किलोमीटरचा. बोदवड भुसावळ-नागपूर मार्गावर आहे. म्हणजे जामनेर हे शेवटचं स्टेशन राहणार नाही आणि भुसावळला वळसा घालणारी वाट तयार होईल. मालगाड्यांसाठी ही सोय फार मोलाची आहे. गेजबदलाची शंभर वर्षांची डोकेदुखीही संपेल.

पण भागदरा किंवा वरखेडीच्या माणसाने लगेच हुरळून जाऊ नये. ब्रॉडगेजला तीव्र वळणं चालत नाहीत, तेव्हा रूळ सगळीकडे जुन्या वाटेनेच जातील असं नाही आणि स्टेशनंही जुन्या जागीच राहतील असं नाही. शिवाय रूळ दारात आले म्हणजे गाडी थांबते असं थोडंच आहे? मुख्य मार्गावर कजगाव, नगरदेवळा, गाळण, परधाडे, म्हसावद ही स्टेशनं आहेतच की. त्यांच्यासमोरून दिवसभर एक्सप्रेस धडधडत जातात आणि तिथली माणसं पॅसेंजर नाहीतर मेमूच्या वेळापत्रकाकडे डोळे लावून असतात. पीजे संथ होती, खडखडायची, पण प्रत्येक स्टेशनात थांबायची. नव्या मार्गावर किती गाड्या धावणार यापेक्षा त्यातल्या किती पहूर-शेंदुर्णीला थांबणार, हे आत्ताच विचारून घेतलेलं बरं. एकदा वेळापत्रक छापून आलं की एक थांबा मिळवायला किती निवेदनं द्यावी लागतात, ते लहान स्टेशनांवरच्या माणसांना विचारा.