दोघांचा तंबू घेताना

आपल्या अहिल्यानगर जिल्ह्याच्या पश्चिम टोकाला अकोले तालुका आहे. १६४६ मीटर उंचीचे कळसूबाई, म्हणजे महाराष्ट्रातील सर्वात उंच शिखर, याच तालुक्यात. हरिश्चंद्रगड, रतनगड, भंडारदऱ्याचे धरण, साम्रदची सांदण दरी हेही इथलेच. पूर्वी तिकडे पाठीवर पिशव्या घेऊन फिरणारी मंडळी बहुतेक मुंबई-पुण्याची असत. आता नगर, राहुरी, श्रीरामपूर, संगमनेर इथल्या आपल्या वस्त्यांतील मुले-मुलीही शनिवार-रविवार धरून निघतात. आम्हाला याचा आनंद आहे. पण मुलगी किंवा मुलगा जायचे म्हणाला की घरातली आई पहिला प्रश्न विचारते, "रात्री झोपणार कुठे?" या प्रश्नाला धड उत्तर नसले की जाणे रद्द होते, आणि मुलीचे तर हमखास रद्द होते. म्हणून यावेळी दोघांपुरत्या, पाठीवर नेता येईल अशा हलक्या तंबूची माहिती देत आहोत.

घरातली जुनी माणसे हसतील, हे आम्हाला ठाऊक आहे. ज्यांनी ऊसतोडीच्या फडावर पाचटाच्या कोपीत हिवाळे काढले, १९७२ च्या दुष्काळी कामावर खडी फोडून उघड्यावर रात्र काढली, त्यांना नातवाने पैसे मोजून कापडाचे घर विकत आणावे याचे नवल वाटणारच. पाल आणि राहुटी आपल्याला नवी नाही. फरक एवढाच की तिथे नाइलाज होता आणि इथे सुट्टी आहे. सुट्टी हीसुद्धा कष्टाने मिळालेली गोष्ट आहे, तेव्हा नातवाला हसून झाल्यावर जाऊ द्यावे.

आता पैशांचे. आम्ही हिशेबाच्या खात्यातले, त्यामुळे आमची सुरुवात तिथूनच होते. साधा दोघांचा तंबू दोन-अडीच हजारांतही मिळतो, बरा तंबू चार ते आठ हजारांच्या दरम्यान पडतो, आणि एक किलोच्या आसपास वजनाचे परदेशी तंबू पंचवीस हजारांच्या पुढे जातात. समजा सहा हजारांचा घेतला, वर्षातून चार रात्री वापरला आणि पाच वर्षे टिकला, तर वीस रात्री झाल्या. रात्रीला तीनशे रुपये, दोघांत दीडशे. वर्षातून एकदाच जाणार असाल तर मात्र विकत घेऊ नये. पाचनई आणि भंडारदऱ्याच्या बाजूला तंबू भाड्याने मिळतात. त्याहून चांगला मार्ग म्हणजे वस्तीतल्या तरुण मंडळाने मिळून दोन तंबू घ्यावेत, नोंदवही ठेवावी आणि ज्याला हवा त्याला नाममात्र भाड्याने द्यावा. तंबू कपाटात पडून राहिला तर सहा हजार गेलेच म्हणायचे.

हलका म्हणजे किती हलका? दोन-तीन लिटर पाणी म्हणजे तेवढेच किलो, शिवाय पांघरूण, शिधा, विजेरी. हे सगळे घेऊन कळसूबाईच्या लोखंडी शिड्या चढायच्या आहेत. दोघांच्या तंबूचे वजन अडीच किलोपर्यंत असले तर चालते, दोन किलोच्या आत असले तर उत्तम. साडेतीन किलोचा तंबू मोटारीतून भंडारदऱ्याच्या काठी नेण्यासाठी ठीक, चढाईसाठी नाही. वजन दोघांत वाटून घ्यावे. एकाने कापड घ्यावे, दुसऱ्याने काठ्या आणि खुंट्या. दुकानदार वजन सांगतो तेव्हा ते खुंट्या, दोऱ्या आणि पिशवीसकट आहे का, हे विचारावे. काही कंपन्या ठळक अक्षरांत फक्त कापड आणि काठ्यांचे वजन छापतात. शक्य असल्यास दुकानातच काट्यावर ठेवायला सांगावे, त्यात लाजण्यासारखे काही नाही.

'दोन माणसांचा' हा शब्दही तपासून घ्यावा. पुष्कळदा त्याचा अर्थ दोन माणसे अंग चोरून झोपतील असा असतो. आतली रुंदी १३० सेंटीमीटर असली तर दोन सतरंज्या शेजारी बसतात, पण पिशव्यांना जागा उरत नाही. लांबी २१० असावी, कारण तंबूच्या भिंती आत कलत्या असतात आणि उंच माणसाचे पाय ओल्या कापडाला टेकतात. दुकानात उभा केलेला तंबू असेल तर दोघांनी चपला काढून आत झोपून पाहावे. दोन्ही बाजूंना दारे असतील तर रात्री एकाला उठायचे झाल्यास दुसऱ्याच्या अंगावरून जावे लागत नाही. बाहेरच्या कापडाखाली पडवीसारखी थोडी जागा असली की पिशव्या आणि बूट तिथे राहतात.

आपल्याकडच्या डोंगरांसाठी सर्वात महत्त्वाची गोष्ट दुकानदार सहसा सांगत नाही. सह्याद्रीचे माथे काळ्या कातळाचे आहेत. हरिश्चंद्रगडावर मातीचा थर पातळ आणि जागोजागी सपाट खडक. तिथे खुंटी जात नाही. हल्ली जे फार हलके तंबू आले आहेत, त्यांतले बरेचसे खुंट्यांवर आणि चालण्याच्या काठ्यांवर ताणून उभे राहतात. वजन एकदम कमी, पण कातळावर ते उभेच राहत नाहीत. आपल्याला आपल्याच काठ्यांच्या बळावर उभा राहणारा, दोन काठ्या फुलीसारख्या एकमेकींवरून गेलेला घुमटाकार तंबू पाहिजे. खुंटीच्या जागी मोठा दगड घेऊन त्याला दोरी बांधता येते. म्हणून तंबूबरोबर आठ-दहा मीटर चिवट बारीक दोरी वेगळी ठेवावी.

काठ्या कशाच्या आहेत तेही पाहावे. स्वस्त तंबूंना फायबर ग्लासच्या असतात. त्या जड असतात, आणि वाऱ्याने जास्त वाकल्या की उभ्या चिरतात. चिरलेली काठी कापड फाडते आणि तिचे कुसळासारखे तंतू हातात जातात. ॲल्युमिनियमच्या काठ्या हलक्या, वाकल्या तरी बहुधा पुन्हा सरळ करता येतात. जादा पैसे कुठे घालायचे असतील तर इथे घालावेत. तुटलेल्या काठीवर चढवायची छोटी नळी तंबूसोबत मिळते का, तेही विचारावे. कोकणकड्यावर दरीतून वर येणारा वारा ज्याने अनुभवला आहे, त्याला हे पटवून द्यावे लागणार नाही. तंबू कड्याच्या काठापासून लांब, खडकाच्या किंवा झुडपाच्या आडोशाला लावावा, आणि त्याची बुटकी, निमुळती बाजू वाऱ्याकडे करावी. सूर्योदय दारातून दिसावा म्हणून काठावर तंबू ठोकणे हा निव्वळ वेडेपणा आहे.

पावसाचे सांगायचे तर जाहिरातीत '३००० मिलिमीटर' असा आकडा दिसतो. त्याचा पर्जन्यमानाशी संबंध नाही. कापडावर पाण्याचा किती उंच स्तंभ उभा केला तरी पाणी आत झिरपत नाही, त्याचे ते माप आहे. वरच्या कापडाला १५०० चालते, २००० ते ३००० चांगले. त्याहून मोठ्या आकड्यासाठी पैसे मोजण्याची गरज नाही. तळाचे कापड मात्र वरच्यापेक्षा जाड हवे, कारण गुडघा टेकला की दाब वाढतो. पाणी कापडापेक्षा शिवणीतून जास्त येते, तेव्हा शिवणींवर आतून पट्टी चिकटवलेली आहे का, हे बोट फिरवून पाहावे. घरी आणल्यावर गच्चीवर तंबू उभा करून दोन बादल्या पाणी ओतावे. गळाला तर पावतीसकट परत करावा.

एकेरी कापडाचा तंबू स्वस्त आणि हलका दिसतो, पण आपल्या दमट हवेत तो घेऊ नये. दोन माणसांच्या श्वासातून रात्रभरात पेलाभर तरी पाणी वाफेच्या रूपाने बाहेर पडते, ते थंड कापडाला लागून पहाटे अंगावर ठिबकते. लोक म्हणतात तंबू गळला, प्रत्यक्षात तो आपलाच श्वास असतो. आत जाळीचा पडदा, त्यावर चार बोटे अंतर सोडून दुसरे कापड आणि वरच्या बाजूला झरोका, असा दुहेरी तंबू घ्यावा. उन्हाळ्यात, आकाश मोकळे असताना वरचे कापड काढून ठेवता येते, डास आणि विंचू बाहेर राहतात. अर्थात चेन कायम लावलेली असेल तरच.

जुलै-ऑगस्टमध्ये घाटघर, रतनवाडीकडे तंबू नेऊच नये. तिथला पाऊस आणि वारा दोन किलोच्या कापडाला झेपणारा नाही. गावातल्या आदिवासी घरी मुक्काम करावा, भाकरी-पिठले खावे आणि त्याचे रास्त पैसे द्यावेत. मेअखेर ते जूनमध्ये काजवे पाहायला जाणाऱ्यांनी विजा कडाडू लागल्या की तंबूत थांबू नये. तंबू विजेपासून वाचवत नाही.

मुलींसाठी तंबूचा आणखी एक उपयोग आहे. गडावरच्या गुहेत अनोळखी माणसांच्या गर्दीत कपडे बदलण्याची, अंग टेकण्याची पंचाईत होते, मासिक पाळी असेल तर विचारायलाच नको. दोन मैत्रिणींचा स्वतःचा तंबू, आतून लागणारी चेन आणि शेजारी ओळखीच्या गटाचे तंबू, एवढे असले की आईच्या प्रश्नाला उत्तर मिळते. त्यासाठी बाहेरचे कापड जमिनीपर्यंत उतरणारे आणि आरपार न दिसणारे हवे. विजेरी आत लावून, बाहेरून एकदा पाहून घ्यावे.

हा सगळा भाग १९८६ पासून कळसूबाई-हरिश्चंद्रगड अभयारण्य आहे. तंबू कुठे लावता येईल, वर राहता येईल की नाही, हे निघण्यापूर्वी वनखात्याच्या नाक्यावर विचारून घ्यावे, नियम बदलत असतात. तंबूच्या आत चूल, स्टोव्ह किंवा मेणबत्ती कधीही पेटवू नये. कापड क्षणात पेट घेते, आणि बंद जागेतला धूर झोपेतच जीव घेतो.

घरी परतल्यावर थकवा असतो आणि तंबू पिशवीतच राहतो. तसे करू नये. त्याच दिवशी दोरीवर, सावलीत पूर्ण वाळवावा. ओला गुंडाळून ठेवला तर बुरशी धरते, आतला लेप चिकट होऊन सुटतो आणि कुबट वास येतो. तो वास पुढे कशानेही जात नाही. साबणाच्या पावडरीत भिजवू नये, नुसत्या पाण्याने आणि मऊ फडक्याने पुसावा. घडी सैल ठेवावी. पुढच्या वेळी निघण्यापूर्वी काठ्या आणि खुंट्या मोजून घ्याव्यात. मंडळाचा तंबू असेल तर तो मोजून देणाऱ्याची सही वहीत असावी.